मांड्याचा कोंडा

साकेच्या बाटलीवर, बहुतेकदा मागच्या बाजूला, बारीक अक्षरांत एक टक्केवारी छापलेली असते. ७०, ६०, ५०, ३५, क्वचित २३. जपानीत तिला ‘सेइमाइबुआइ’ म्हणतात. तूस काढलेला पण न सडलेला तांदूळ घ्यायचा, तो सडायचा, आणि मूळ वजनापैकी किती शिल्लक राहिलं ते लिहायचं. ६० लिहिलं असेल तर दाण्याचा ४० टक्के भाग घासून काढलाय, २३ लिहिलं असेल तर ७७ टक्के. पहिल्यांदा ऐकणारा हमखास उलटा अर्थ लावतो. टूरवरच्या गाइडना हे पाठ असल्यामुळे ते आधीच सांगून टाकतात: आकडा जेवढा लहान तेवढा तांदूळ जास्त घासलेला, आणि बाटली तेवढी महाग.

या आकड्यावरून मला जो प्रश्न पडला तो चवीचा नाही. खायच्या धान्याचा अर्धा किंवा तीन-चतुर्थांश भाग घासून काढायचा आणि उरलेल्याची दारू करायची, यात काही चूक आहे का? असेल तर ती नेमकी कोणत्या आकड्यापाशी सुरू होते? ५० ठीक, पण २३ म्हणजे माज, असं म्हणायला काही आधार आहे का?

२०२५च्या मार्चमध्ये कंपनीच्या कामासाठी मी ओसाकात होतो. एका शनिवारी टीममधली एक जपानी सहकारी आणि मी साइजोला गेलो. हिरोशिमापर्यंत शिनकानसेन आणि तिथून लोकलनं मागे पाऊण तास. स्टेशनातून बाहेर पडलं की दहा मिनिटांच्या अंतरात सात जुन्या मद्यशाळा आहेत. पांढऱ्या भिंती, लालसर कौलं, आणि विटांची उंच धुराडी, त्यांवर ज्याच्या त्याच्या नावाची चित्राक्षरं. अंगणात विहिरी, आणि त्यांच्या नळावर बाटल्या भरून नेणारे गावकरी. छपराखाली देवदारच्या पानांचा मोठा गोळा टांगलेला असतो. तो हिरवा असेल तर या मोसमातली नवी साके तयार झाली असं समजायचं. आमच्या गटात दहाजण होते, सगळे परदेशी. अपवाद फक्त माझ्या सहकारीचा. डिसेंबर २०२४ मध्ये कोजी बुरशीवर साके बनवण्याची ही विद्या युनेस्कोच्या अमूर्त वारशाच्या यादीत गेली, हे गाइडबाईंनी पहिल्याच मिनिटात सांगितलं.

अशा टूरमध्ये प्रत्यक्ष काम फारसं दिसत नाही. आंबवण जिथे चालू असते तिथे परक्यांना सहसा नेत नाहीत. सकाळी नात्तो, म्हणजे आंबवलेलं सोयाबीन, खाऊन येऊ नका अशीही बऱ्याच ठिकाणी ताकीद असते, कारण त्यातले जीवाणू कोजीच्या खोलीत शिरले तर सगळं बिघडवू शकतात. दिसतं ते काचेपलीकडचं, आणि टेबलावर मांडून ठेवलेलं. त्या टेबलावर पाच बशा होत्या. पहिलीत न सडलेला तांदूळ. दुसरीत ९० टक्क्यांचा, म्हणजे रोजच्या जेवणातला पांढरा. मग ७०, ५० आणि ३५. ७०चा दाणा आखूड आणि गोलसर झालेला होता. ५०चा मोत्यासारखा. ३५चा बघून तर साबुदाणा आठवला, तोही बारीक. पाचही बशांमध्ये दाणे मोजून तितकेच टाकलेत, असं गाइडबाई म्हणाल्या, आणि शेवटच्या बशीत तळही नीट झाकला नव्हता.

घासायचं कारण साधं आहे. तांदळाच्या दाण्यात प्रथिनं आणि स्निग्धांश मुख्यतः बाहेरच्या थरांत असतात, मध्ये स्टार्च. जेवताना ज्याला आपण भाताची चव म्हणतो ती बरीचशी या बाहेरच्या थरांची. साकेत मात्र प्रथिनांमुळे जडपणा आणि एक प्रकारचा खरखरीतपणा येतो, आणि स्निग्धांशामुळे यीस्टला फळांसारखा सुगंध तयार करायला अडथळा येतो. यामादा निशिकीसारख्या खास साकेच्या जातींत दाण्याच्या मध्यभागी पांढरा, भुसभुशीत गाभा असतो. कोजीचे तंतू त्यात आतपर्यंत शिरतात. तेव्हा या गाभ्यापर्यंत पोचायचं, पण दाणा न फोडता. उभ्या यंत्रात फिरणाऱ्या कुरुंदाच्या दगडावर तांदूळ पुन्हा पुन्हा वरून खाली सोडतात. घाई केली तर दाणा तापतो आणि तडकतो. ५० टक्क्यांपर्यंत जायला साधारण दोन दिवस लागतात. तांदूळ सडायच्या यंत्रांची ‘सताके’ ही कंपनी याच गावातली, १८९६ पासूनची; तिची यंत्रं आज आपल्याकडच्या राइस मिलमध्येही दिसतात.

सहकारी त्या शेवटच्या बशीकडे बघून हळूच म्हणाली, ‘मोत्ताइनाइ.’ हा शब्द जपानी मुलं फार लहानपणी शिकतात. वाया जाणाऱ्या वस्तूबद्दलची हळहळ, आणि तिची योग्यता आपण ठेवली नाही ही टोचणी, दोन्ही त्यात येतात. तिला आजीनं शिकवलं होतं की भाताच्या एका दाण्यात सात देव राहतात. तांदळाचं चित्राक्षर सुटं केलं तर ‘अठ्ठ्याऐंशी’ लिहिल्यासारखं दिसतं. दाणा ताटात येईपर्यंत शेतकऱ्याला अठ्ठ्याऐंशी कामं करावी लागतात, असं त्यावरून मुलांना सांगतात.

मला यात परकं काही वाटलं नाही. आमचं गाव मावळातलं, इंद्रायणी पिकवणारं. गिरणीतून भात भरडून आला की आजी तीन डबे भरायची: अख्खा तांदूळ, कणी आणि कोंडा. कणीची पेज किंवा घावन व्हायचे, कोंडा म्हशीला. तूस चुलीला. सडणं या शब्दाला तिच्याकडे पायऱ्या होत्या. एकदा सडलेला तांदूळ रोजचा, दोनदा सडलेला पाहुण्यांचा. त्यापुढे कुणी जात नसे. तेवढी मुसळं मारायला हातात बळ नव्हतं आणि तांदूळही तेवढा नव्हता. निगुतीनं संसार करणाऱ्या बाईला ‘कोंड्याचा मांडा करते’ म्हणायचे. साइजोतल्या टेबलावर मला हीच म्हण उलटी मांडून ठेवलेली दिसत होती.

गाइडबाईंकडे अर्थात उत्तर तयार होतं. काहीही फेकत नाही, त्या म्हणाल्या. पहिल्या दहा टक्क्यांतला लालसर कोंडा तेलाला, जनावरांना, खताला जातो. त्यानंतर निघतं ते पांढरं पीठ; त्याच्या सेनबेई, म्हणजे तांदळाच्या कुरकुरीत चकत्या होतात, मिठाया होतात. साके गाळून उरलेला चोथा लोणच्यांना आणि अमाझाकेला. त्यांनी आम्हाला त्या चकत्या खायलाही दिल्या. छान होत्या.

हे उत्तर खरं आहे, पण मला ते पुरत नाही. उपयोग सापडणं आणि कारण असणं या दोन वेगळ्या गोष्टी आहेत. माझ्या धंद्यातलं उदाहरण देतो. युरोपात काही ठिकाणी डेटा सेंटरमधून निघणाऱ्या उष्णतेवर शेजारची घरं गरम करतात. उत्तम कल्पना आहे. पण त्या सर्व्हरवर कुणाचा तरी विसरलेला प्रोग्रॅम गोल गोल फिरत असेल, तर शेजाऱ्याचा हीटर चालतो म्हणून तो प्रोग्रॅम शहाणा ठरत नाही. यामादा निशिकीचं रोप उंच वाढतं, वाऱ्यानं आडवं होतं, त्याची निगा जास्त आणि त्याला भावही जास्त. चकत्यांसाठी ते कुणी लावणार नाही. पीठ वापरलं जातं हे चांगलंच, पण ते पीठ करणं गरजेचं होतं का, हा प्रश्न तिथेच राहतो.

मग दुसरी, जास्त कडक बाजू घेऊन बघितली. म्हणायचं, की टक्केवारीचा घोळ हवाय कशाला? साके ही चैन आहे. ७०वाली काय आणि ३५वाली काय, दोन्हींत खायचा तांदूळ गेलाच. जपानच्या इतिहासात ही बाजू घेणारे बरेच झाले, आणि ते नीतिवादी नव्हते, राज्यकर्ते होते. तोकुगावा काळात साके गाळायला परवाना लागे, आणि पीक बुडालं की शोगुनचं फर्मान निघे: यंदा नेहमीच्या निम्मीच गाळा, किंवा एक-तृतीयांश. पोटाला कमी पडलं की आधी पेल्यातलं कापायचं. हिशेब स्वच्छ होता.

१९१८च्या उन्हाळ्यात तांदळाचे भाव भडकले, तेव्हा तोयामाच्या किनाऱ्यावरच्या कोळणींनी बोटीत भरला जाणारा तांदूळ अडवायचा प्रयत्न केला, आणि त्या ठिणगीतून देशभर दंगे पेटले. सरकार पडलं. त्यानंतर उमेतारो सुझुकी या रसायनशास्त्रज्ञानं तांदूळ न वापरता साके करता येईल का, याच्यावर काम केलं आणि कृत्रिम साके बनवून दाखवली. या माणसानं मला फार खिळवून ठेवलं, कारण तो आधी एका वेगळ्याच गोष्टीसाठी प्रसिद्ध होता. पांढराशुभ्र तांदूळ खाणाऱ्या शहरी जपानी माणसाला बेरीबेरी होई. एदोत गेलं की पाय सुजतात आणि गावी परतलं की बरं वाटतं, म्हणून त्या रोगाला ‘एदोचं दुखणं’ असंच नाव पडलं होतं. सुझुकीनं १९१० साली तांदळाच्या कोंड्यातून तो रोग बरा करणारं द्रव्य वेगळं काढलं. आज आपण त्याला ब-१ जीवनसत्त्व म्हणतो. सडून काढलेल्या भागात माणसाचा जीव होता, हे ज्यानं दाखवलं, त्यानंच पुढे तांदळाला पेल्यातून पूर्ण बाहेर काढलं. (आपल्याकडे १९३४ नंतर वर्ध्याच्या ग्रामोद्योग संघानं हातसडीच्या तांदळाचा जो प्रचार केला, त्यामागेही हेच जीवनसत्त्व होतं.)

कृत्रिम साके आजही मिळते, स्वयंपाकाला वगैरे. ती बघायला टूर काढून कुणी जात नाही. हे मला महत्त्वाचं वाटतं. धान्य वाचवणं हाच एकमेव निकष असता, तर प्रश्न सुझुकीनं शंभर वर्षांपूर्वी सोडवला होता. लोकांनी तो सुटलेला मानला नाही. त्यांना तांदळाची साके हवी होती, म्हणजे धान्यातून भुकेपलीकडचं काहीतरी करणं त्यांना मंजूर होतं. मलाही मंजूर आहे. दिवाळीत आपण अनारशाचे तांदूळ तीन दिवस भिजवतो, ते काही पोट भरायला नाही. आपल्याकडे २००७ साली सरकारनं धान्यापासून मद्यार्क बनवणाऱ्या कारखान्यांना अनुदान द्यायचं ठरवलं आणि डॉ. अभय बंगांसारख्यांनी त्याला विरोध केला, तेव्हा वाद सरकारच्या पैशाचा आणि दारूच्या परिणामांचा होता, आणि तो रास्त होता. पण त्या दारूत ज्वारीचं काय होतं हे कुणाला माहीत नव्हतं आणि कुणाला जाणूनही घ्यायचं नव्हतं. साइजोत दाण्याकडे निदान कुणीतरी दोन दिवस लक्ष देऊन बसतं.

म्हणून चैन मान्य करून प्रश्न पुन्हा आकड्यावर आणतो. कारण आकड्यानं पुढे जे केलं ते विलक्षण आहे. १९९० पासून लागू झालेल्या नियमांप्रमाणे ६० किंवा त्याखाली असेल तर ‘गिंजो’, ५० किंवा त्याखाली ‘दाइगिंजो’ लिहिता येतं. यामागे ग्राहकाला काहीतरी ठोस कळावं हा हेतू होता. त्याआधीची सरकारी प्रतवारी १९९२ साली बंदच झाली. मग शर्यत सुरू झाली. यामागुचीतल्या ‘दास्साई’ची गोष्ट त्यांनी स्वतःच सांगितलेली आहे: २५ टक्क्यांची साके करायला घेतली, मग कळलं की दुसऱ्या कुणाची तरी २४ टक्क्यांची आहे, म्हणून आणखी घासून २३ केली. २०१७ मध्ये यामागातातल्या तातेनोकावानं १ टक्क्याची काढली. मग मियागीच्या निइझावानं ०.८५. लेबलवर दशांश छापत नाहीत, पुढचं कापून टाकतात, त्यामुळे तिथे लिहितात शून्य. प्रोग्रॅमिंग शिकणाऱ्या पहिल्या वर्षाच्या पोरांना इंटिजर भागाकारात ज्या चुकीबद्दल मार्क कापतात, ती इथे लाखो येनांना विकली जाते.

मी एक ढोबळ हिशेब केला. ७२० मिलीच्या बाटलीला साधारण तीनशे ते साडेतीनशे ग्रॅम सडलेला तांदूळ लागतो. ५० टक्क्यांना त्यासाठी दुप्पट, म्हणजे सहा-सातशे ग्रॅम. २३ला जवळजवळ दीड किलो. १ टक्क्याला तीस किलोच्या वर. एका बाटलीत एका माणसाचा कित्येक महिन्यांचा भात.

मोजमापच ध्येय झालं की ते मोजमाप म्हणून निकामी होतं, हे चार्ल्स गुडहार्ट या अर्थतज्ज्ञाच्या नावानं ओळखलं जाणारं तत्त्व आमच्या ऑफिसात दर आठवड्याला कुणीतरी ऐकवतं. इथे ते चपखल बसतं असं वाटून मी खूश होणार, इतक्यात एक अडचण आली. साकेची राष्ट्रीय स्पर्धा १९११ पासून चालू आहे. तिथे परीक्षक लेबल न बघता चाखतात. आणि त्या स्पर्धेसाठी मद्यशाळांमध्ये कित्येक वर्षं एक सूत्र चालायचं: ‘वायके ३५’. वाय म्हणजे यामादा निशिकी, के म्हणजे कुमामोतोचं यीस्ट, आणि ३५ टक्के. हे केलं तर सुवर्णपदकाची आशा. म्हणजे आकडा न बघणाऱ्या जिभांनीही ३५लाच कौल दिला. आकड्यामागे काहीतरी खरं आहे.

डेव्हिड ह्यूमनं १७५७ मध्ये अभिरुचीवर लिहिलेल्या निबंधात ‘डॉन किहोते’मधली एक गोष्ट सांगितली आहे. दोघे जण पिंपातली वाइन चाखतात. एक म्हणतो, छान आहे, पण किंचित चामड्याची चव लागते. दुसरा म्हणतो, लोखंडाची. सगळे त्यांना हसतात. पिंप रिकामं होतं तेव्हा तळाशी चामड्याची वादी बांधलेली जुनी किल्ली सापडते. ह्यूमला म्हणायचंय की रुची ही ज्याची-त्याची बाब असली तरी काही जिभा खरोखर जास्त ओळखतात. सराव आणि पूर्वग्रह नसणं या दोन गोष्टींनी ते घडतं.

टूरच्या शेवटच्या तासाला यातल्या दोन्हींचा अभाव असतो. सराव नसतो, आणि पूर्वग्रह पेल्याआधी हातात दिला जातो. तीन लहान पांढरे पेले, तळाशी निळी दोन वर्तुळं, साके किती नितळ आहे ते दिसावं म्हणून. प्रत्येकापुढे कार्ड: ७०, ५०, ३५. गाइडबाई म्हणाल्या, शेवटच्यात खरबूज शोधा. सगळ्यांना खरबूज सापडलं. मलाही.

सहकारी म्हणाली, आता मी पेले फिरवते, तू डोळे मिटून सांग. तिनं पाच वेळा फिरवले. ७०चा मी पाचही वेळा ओळखला; तो भाताच्या वाफेच्या जवळचा होता, थोडा जड. ५० आणि ३५मध्ये दोनदा बरोबर, तीनदा चूक. नाणं उडवल्यासारखं. तिचंही तसंच झालं.

म्हणजे ७० ते ५० हा प्रवास माझ्या जिभेपर्यंत पोचला होता. तिथे घासलेल्या वीस टक्क्यांच्या बदल्यात मला काहीतरी मिळालं. पुढचे पंधरा टक्के माझ्यापुरते फक्त कार्डावर होते. ते एखाद्या परीक्षकापर्यंत पोचत असतील. मग एकच बाटली माझ्या हातात नासाडी आणि त्याच्या हातात कला, असं होतं का? मला तसं म्हणावंसं वाटतं, पण ते विचित्र आहे. अन्न वाया गेलं की नाही हे खाणाऱ्याच्या तयारीवर ठरू लागलं, तर आजीचं गणित कोसळतं. तिच्या मते दाणा सांडला तर सांडला. तो कुणाच्या ताटातून सांडला याला अर्थ नव्हता. तरी मी विचित्रपणा पत्करतो, कारण दुसरा पर्याय जास्त वाईट आहे. नासाडी फक्त वजनानं ठरते असं मानलं, तर ५० टक्क्यांच्या पेल्यातलं सुख आणि शून्य टक्क्यांच्या लेबलातला भपका एकाच ओळीत बसतात. त्यांच्यातला फरक मला स्पष्ट दिसतो: पहिल्यात घासणारा दर टप्प्याला चाखून थांबू शकला असता. दुसऱ्यात चव काहीही असती तरी यंत्र चालूच राहिलं असतं, कारण थांबायची जागा शेजारच्या मद्यशाळेच्या आकड्यानं ठरली होती.

यात टूरचा वाटा लहान नाही. जपानमधला साकेचा खप १९७०च्या दशकापासून घसरत आलाय, आणि परदेशी पाहुणा हा बऱ्याच मद्यशाळांना आधार आहे. या पाहुण्याला भाषा येत नाही, लेबल वाचता येत नाही, यीस्टची नावं लक्षात राहत नाहीत. आकडा तेवढा वाचता येतो. दुकानात मी अर्धा तास उभा होतो. आमच्या गटातले बहुतेकजण बाटली उलटी करून टक्केवारी बघत होते आणि लहान आकडा पिशवीत टाकत होते. त्यांना खोटं काहीच सांगितलं नव्हतं. जे खरं सहज सांगता येतं, तेवढंच सांगितलं होतं.

त्याच आठवड्यात ओसाकातल्या माझ्या घराजवळच्या सुपरमार्केटमध्ये पाच किलो तांदळाची पिशवी चार हजार येनांच्या वर गेली होती, वर्षभरापूर्वीच्या जवळजवळ दुप्पट. ‘एका कुटुंबाला एकच पिशवी’ अशी पाटी होती. सरकारनं आपल्या साठ्यातला तांदूळ लिलावात काढला होता. जेवणाच्या तांदळाला इतका भाव आल्यावर साकेची भातं लावणारे काही शेतकरी तिकडे वळायला लागले होते, आणि मद्यशाळांना यामादा निशिकी मिळणं महाग झालं होतं. शोगुनचं फर्मान या वेळी बाजारानं काढलं. माझ्या सहकारीचं म्हणणं, आता कमी सडलेल्या साकेला चांगले दिवस येतील. ८०, ९० टक्क्यांच्या बाटल्या आधीपासून आहेतच, आणि चिबातल्या तेरादा होंकेसारखे लोक तर कोंड्यासकट अख्ख्या तांदळाची करतात. तिला ही कल्पना मनापासून आवडली होती.

पुढच्या शुक्रवारी तिनं ओसाकातल्या एका लहानशा बारमध्ये अशीच अख्ख्या तांदळाची साके मागवली. रंग पिवळसर, वास ओल्या गवतासारखा, चव आंबट, आपल्या आंबिलीच्या वळणावर जाणारी. तिनं तिचा पेला संपवला आणि दुसरा मागवला. मी दोनदा प्रयत्न केला. अर्धा पेला तसाच राहिला. पन्नासेक मिली असेल, म्हणजे माझ्या हिशेबानं वीस-पंचवीस ग्रॅम तांदूळ, त्यातला एक कणही न घासलेला.